अन्नावरची वासना

आमच्या घरात हे शब्द मी लहानपणी दोनदाच ऐकले. एकदा पणजोबांच्या शेवटच्या दिवसांत आणि एकदा काविळीने अंथरुणाला खिळलेल्या धाकट्या आत्याबद्दल. "अन्नावरची वासना उडाली" असं कुणी म्हटलं की सोप्यातली माणसं आवाज खाली घेत. ताप आला, खोकला बळावला, तर डॉक्टर होते. वासना उडाली म्हणजे मात्र गोष्ट हाताबाहेर चालली, असा त्याचा अर्थ.

गेल्या दिवाळीत मंगळवेढ्याजवळच्या आमच्या गावी आजीने माझ्या ताटाकडे बघून तेच विचारलं. ताटात पाऊण भाकरी तशीच होती. "काय गं, वासना उडाली व्हय तुझी?" मला आधी हसू आलं, मग आलं नाही. कारण खरं उत्तर 'हो' होतं, आणि ती उडावी म्हणून मी पैसे मोजत होते. दर रविवारी, पोटाच्या कातडीखाली, एका पेनमधून.

मी २८ वर्षांची, पुण्यात सॉफ्टवेअरमध्ये. वडिलांना ३८व्या वर्षी मधुमेह झाला. माझं वजन ९६ किलो आणि रक्तातली साखर मधुमेहाच्या उंबरठ्यावर, म्हणून डॉक्टरांनी हे औषध सुरू केलं. ते योग्यच होतं असं मला आजही वाटतं. ही औषधं आतड्यातल्या जीएलपी-१ या संप्रेरकाची नक्कल करतात. जेवल्यावर आतडं ते सोडतं. मग जठर सावकाश रिकामं होतं आणि मेंदूला 'झालं, बस' असा निरोप जातो. खरं संप्रेरक रक्तात काही मिनिटंच टिकतं. टिकाऊ नक्कल करायची वाट एका सरड्याने दाखवली. न्यूयॉर्कमधल्या ब्राँक्सच्या सरकारी रुग्णालयातले जॉन एंग यांना गिला मॉन्स्टर नावाच्या विषारी सरड्याच्या विषात त्याच्यासारखाच एक रेणू सापडला. ते १९९२ साल होतं. त्यावरून बनलेलं पहिलं औषध २००५मध्ये अमेरिकेत आलं, पण मधुमेहासाठी. वजनासाठी सेमाग्लुटाइडला तिथे २०२१मध्ये परवानगी मिळाली. आपल्याकडे २०२५च्या मार्चमध्ये माउंजारो आणि जूनमध्ये वेगोव्ही आलं, आणि आमच्या ऑफिसच्या कँटीनमध्ये अर्धी ताटं परत जायला लागली. (हे माझं निरीक्षण आहे, आकडेवारी नाही. पण डबा परत नेणारी माणसं एकमेकांना बरोब्बर ओळखतात.)

आठ महिन्यांत मी ८२वर आले. साखर खाली आली. घरचे खूश, ऑफिसचे जास्तच खूश. मग केस मुठीने गळायला लागले. जिने चढताना मांड्या थरथरायला लागल्या. गावी गेल्यावर विहिरीवरून भरलेली कळशी मला कमरेवर घेता येईना. आजीने ती माझ्या हातातून काढून घेतली आणि काही न बोलता घरी नेली. आजी ७४ वर्षांची आहे.

पुण्याला परतल्यावर जिममधल्या यंत्रावर उभी राहिले. गेलेल्या १४ किलोंपैकी जवळजवळ सहा किलो चरबी नव्हतीच, असं ते म्हणालं. ही यंत्रं फार विश्वासाची नसतात. पण सेमाग्लुटाइडच्या ज्या मोठ्या चाचणीत सरासरी १५ टक्के वजन उतरलं, त्यातल्या काही जणांचं शरीर नीट क्ष-किरणांनी मोजलं होतं. तिथेही उतरलेल्या वजनात सुमारे ४० टक्के वाटा चरबीखेरीज इतर ऊतींचा होता. त्यात पाणी येतं, अवयव येतात आणि स्नायूही येतात. म्हणजे माझं यंत्र अगदीच थापा मारत नव्हतं.

औषध देताना मला जेवणाबद्दल मिळालेली सूचना चार शब्दांची होती: थोडं थोडं खात जा. ती मी तंतोतंत पाळली. थोडं चहा-बिस्किट, थोडे पोहे, थोडा भात. काय थोडं, हे मी विचारलं नाही आणि कुणी सांगितलंही नाही. मग इंजिनिअर माणसं करतात ते केलं. हे पूर्वी कुणाचं बिघडलंय का, आणि बिघडलं तेव्हा नेमकं काय झालं होतं, ते शोधत बसले.

भूक मारणाऱ्या गोळ्यांचा इतिहास बराच बदनाम आहे आणि त्यातला बराचसा सर्वांना ऐकून माहीत असतो. अॅम्फेटामाइनने भूक जाते हे १९३०च्या दशकात लक्षात आलं. पुढची तीसेक वर्षं अमेरिकेत लठ्ठपणाचे दवाखाने रंगीबेरंगी गोळ्या खिरापतीसारख्या वाटत होते. १९६८मध्ये 'लाइफ' मासिकाची सुझॅना मॅकबी ही पत्रकार असल्या दहा डॉक्टरांकडे गेली. ती मुळात लठ्ठ नव्हतीच, तरी तिला १,४७९ गोळ्या मिळाल्या. मग फेनफ्लुरामिन आणि फेंटरमिनची जोडगोळी आली. तिच्याने हृदयाच्या झडपा खराब होतात असं दिसल्यावर १९९७मध्ये फेनफ्लुरामिन मागे घ्यावं लागलं. रिमोनाबँटने नैराश्य आणलं, सिब्युट्रामिनने हृदयविकाराचा धोका. हे सगळं वाचताना मला एक गोष्ट खटकत राहिली. प्रत्येक कथेत खलनायक गोळी असते. गोळी घेणाऱ्या बाईच्या ताटात त्या दिवसांत काय होतं, ते कुठेच सापडत नाही.

ताटाची गोष्ट सापडली ती जिथे गोळी नव्हतीच, तिथे.

जून १९६५मध्ये स्कॉटलंडमधल्या टेपोर्टचा अँगस बार्बिएरी हा २७ वर्षांचा तरुण डंडीच्या रुग्णालयात आला. वजन ४५६ पौंड, म्हणजे दोनशे किलोंच्या वर. डॉक्टरांनी थोडे दिवस उपास करायला सांगितलं, तो थांबेचना. एकूण ३८२ दिवस. त्याचं वजन १८० पौंडांवर आलं आणि तो धडधाकट घरी गेला. पण त्याने काहीच घेतलं नाही असं नाही. डॉक्टर त्याला जीवनसत्त्वं देत होते, यीस्ट देत होते, लागेल तसं पोटॅशियम देत होते, रक्त-लघवी तपासत होते. त्याच काळात इतरत्र असे लांब उपास केलेले काही रुग्ण दगावले. पूर्ण उपासात शरीर चरबी जाळतं हे खरं, पण स्नायूंनाही हात घालतं, आणि हृदय हाही स्नायूच आहे.

यावर बोस्टनमध्ये जॉर्ज ब्लॅकबर्न आणि ब्रूस बिस्ट्रियन यांनी उपाय काढला. उष्मांक अगदी कमी ठेवायचे, पण तेवढ्यात खरं मांस, मासे, कोंबडी खायची, म्हणजे स्नायू वाचतील. जोडीला क्षार, जीवनसत्त्वं आणि डॉक्टरांची सतत नजर. असल्या आहारावर तीन-चार दिवसांनी शरीरात कीटोन वाढतात आणि भूक पुष्कळदा आपोआप मंदावते. एकादशीला सकाळी जीव जातो आणि संध्याकाळी काही वाटत नाही, त्याची लांबलेली आवृत्ती म्हणा.

ही रुग्णालयातली गोष्ट बाजारात यायला वेळ लागला नाही. पेनसिल्व्हेनियातल्या रॉबर्ट लिन नावाच्या डॉक्टरने १९७६मध्ये 'द लास्ट चान्स डाएट' हे पुस्तक काढलं. मांस-मासे गेले आणि त्यांच्या जागी 'प्रोलिन' नावाचं पातळ पेय आलं. दिवसाला चारशेच्या आत उष्मांक. पुस्तक तुफान खपलं. पाठोपाठ इतर कंपन्यांची तसलीच पेयं औषधांच्या दुकानांत कुणालाही मिळायला लागली. आणि ती बनत होती कशाची? कोलॅजनची. कत्तलखान्यात उरलेली कातडी, कंडरा, हाडं उकळून, फोडून, चव घालून. कागदावर ते प्रथिनच होतं. पण प्रथिन म्हणजे अमिनो आम्लांची माळ, आणि शरीराला बाहेरूनच घ्यावे लागणारे त्यातले काही मणी अडून बसतात. कोलॅजनमध्ये ट्रिप्टोफॅन हा मणी मुळीच नसतो. एक मणी नसला की बाकीच्यांचा स्नायू बांधायला फारसा उपयोग होत नाही.

१९७७मध्ये मृत्यूच्या बातम्या यायला लागल्या. सरकारी यंत्रणांकडे साठेक मृत्यूंची नोंद झाली. त्यांतल्या सतरा जणांचा तपशील हृदयतज्ज्ञांनी बारकाईने तपासला. बहुतेक स्त्रिया होत्या, ऐन वयातल्या. कित्येक महिने त्या पेयावर होत्या आणि वजन झरझर उतरत होतं. एक दिवस हृदयाचे ठोके बेताल झाले. दोष नेमका प्रथिनाच्या प्रतीचा, पोटॅशियमचा, की महिनोन् महिने इतकं कमी खाण्याचा, यावर पुढे बराच वाद झाला. मी त्या वादात पडत नाही. माझ्या डोळ्यांसमोरून हटत नव्हत्या त्या या बायका. त्यांना तक्रार करावी असं फारसं काही वाटत नसणार. भूक नव्हती, आरसा खूश होता, ओळखीचे कौतुक करत होते. आम्ही सर्व्हरला अलर्ट लावून ठेवतो. एखादा फार वाजतो म्हणून रात्री कुणी तो बंद केला, तर सकाळी सगळं शांत असतं. डिस्क भरत आलेलीच असते.

माझं औषध म्हणजे ते पेय नव्हे, हे इथेच सांगते. त्याच्या चाचण्या हजारो माणसांवर झाल्यात आणि हृदयविकार झालेल्या लठ्ठ रुग्णांना त्याचा फायदाच दिसलाय. शिवाय मला काहीही खायला मनाई नव्हती, आणि गंमत तिथेच होती. सगळं खायची मोकळीक होती आणि मी बिस्किटं खात होते.

आता पुण्याकडे येते, कारण या प्रश्नाचा अर्धा भाग इथेच फार पूर्वी मांडून झालेला निघाला. भांडारकर रस्त्याच्या आसपास चार वर्षं राहूनही मला त्याचा पत्ता नव्हता.

१९७१मध्ये गोखले अर्थशास्त्र संस्थेतल्या वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांनी भारतातल्या दारिद्र्याचा अभ्यास प्रसिद्ध केला. गरीब कोण, तर ज्याच्या खर्चात माणशी रोज २२५० उष्मांकांचं अन्न बसत नाही तो. त्याच सुमाराला सातारा जिल्ह्यातल्या बुध गावचे पां. वा. सुखात्मे हे संख्याशास्त्रज्ञ रोमच्या अन्न व शेती संघटनेतून निवृत्त होऊन पुण्याला आले. पुढे या दोघांत कडाक्याचा वाद झाला. शरीराची गरज दिवसागणिक बदलते, ते कमी अन्नाशी जुळवून घेतं, म्हणून एकाच सरासरी आकड्याची रेघ उपाशी माणसं जास्त मोजते, असं सुखात्म्यांचं म्हणणं. दांडेकरांना ते पटलं नाही. यात माझा कल दांडेकरांकडे आहे. जुळवून घेणं म्हणजे काय, ते मी मांड्यांत अनुभवलंय.

पण सुखात्म्यांनी आणखी एक वाद घातला होता, आणि तिथे मात्र त्यांनी मला सापडवलं. साठच्या दशकात संयुक्त राष्ट्रांच्या संस्था 'प्रथिनांचं संकट' म्हणून ओरडत होत्या. गरीब देशांना प्रथिनं कमी पडताहेत, त्यांना खास पावडरी आणि पिठं पुरवा, असा सूर होता. सुखात्म्यांनी भारतातल्या आहार-पाहण्यांचे आकडे पुढे ठेवले. ज्यांना प्रथिनं कमी पडतात त्यांना मुळात अन्नच कमी पडतं. पोटभर मिळालं, तर नेहमीच्या धान्य-डाळीच्या जेवणातून प्रथिनं आपोआप येतात. पुढे १९७४मध्ये 'लॅन्सेट'मध्ये डोनाल्ड मॅक्लारेन यांनीही त्या ओरड्याची फजिती मांडली आणि पारडं फिरलं.

यातला 'पोटभर' हा शब्द मी तीनदा वाचला. मग एक्सेल उघडलं.

एका ज्वारीच्या भाकरीत साधारण सहा ग्रॅम प्रथिनं. वाटीभर आमटीत पाच-सहा. पोह्यांच्या बशीत चार-पाच. उसळ, दही, शेंगादाण्याची चटणी धरून माझं औषधापूर्वीचं दिवसभराचं जेवण साठ-पासष्ट ग्रॅमपर्यंत जात होतं. ८२ किलोंच्या माणसाला भारतीय शिफारशीप्रमाणे किलोमागे ०.८३ म्हणजे ६८ ग्रॅम लागतात. वजन उतरत असताना स्नायू राखायचे तर त्याहून बरीच जास्त लागतात असं तज्ज्ञ सांगतात. म्हणजे आधीचं ताट जेमतेम होतं आणि ते भागत होतं केवळ मी भरपूर जेवत होते म्हणून. आपलं जेवण असंच रचलेलं आहे. एकेका घासात प्रथिन थोडं, पण घास पुष्कळ. आता त्याच ताटाचा मी तिसरा हिस्सा खात होते. आठवड्याची सरासरी काढली तर २२ ग्रॅम निघाली. दुष्काळात नाही, कोथरूडमध्ये.

त्यात आपल्याकडे स्नायूंची शिल्लक मुळातच बेताची. पुण्याच्या केईएम रुग्णालयातले डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांचा २००४मधला 'लॅन्सेट'मधला फोटो पुष्कळांनी पाहिला असेल. शेजारी लंडनचे डॉ. जॉन युडकिन. दोघांचा बीएमआय २२.३. युडकिन यांच्या अंगात चरबी ९.१ टक्के, याज्ञिकांच्या २१.२. त्याआधी याज्ञिकांच्या गटाने पुण्याजवळच्या सहा खेड्यांतली नवजात बाळं मोजली होती. तिकडे साउदॅम्प्टनला बाळ सरासरी साडेतीन किलोंचं, इथे २.७. पण इथलं बाळ सगळीकडून सारखं लहान नव्हतं. स्नायू कमी, पोटातले अवयव लहान, चरबी मात्र बऱ्यापैकी राखलेली. बारीक दिसणारं जाडं बाळ. माझे वडील १९७०चे. बाहत्तरच्या दुष्काळात दोन वर्षांचे. ३८व्या वर्षी मधुमेह. यात सरळ रेघ ओढायचा मोह होतो, पण एका माणसावरून अशी रेघ ओढता येत नाही, एवढं संख्याशास्त्र मला येतं.

मग ताट उलटं केलं. आधी उसळ, अंडं किंवा दही. ते संपलं आणि जागा उरली तर भाकरी. भात रविवारी. जठर सावकाश रिकामं होत असल्यामुळे तळलेलं चार तास छातीशी बसून राहतं, तेव्हा भजी सुटली ती कुठल्याही निग्रहाशिवाय. सोयाबीनच्या वड्यांत शंभर ग्रॅमला पन्नासच्या वर प्रथिनं असतात, पण खाव्या कशा हा प्रश्न आहे. मी त्या वाटून आमटीत घालते आणि त्याबद्दल बोलत नाही. भूक विचारत नाही म्हणून फोनवर पाच वेळा लावल्यात, पाण्याच्या वेगळ्या. तहानही कमी लागते हे मला आधी कळलंच नव्हतं. आठवड्यातून तीनदा वजनं उचलते. डॉक्टरांना वही दाखवली तेव्हा त्यांनी डोस वाढवायचा बेत पुढे ढकलला आणि पहिल्यांदा पंधरा मिनिटं जेवणावर बोलले.

संक्रांतीला पुन्हा गावी गेले. इंजेक्शनचा दुसरा दिवस होता, म्हणजे घास तोंडात फिरायचा दिवस. आजीने ताट वाढलंच नाही. हुलगे भाजून दळलेलं पीठ तिने पाण्यात कालवलं, लसूण-जिरं-मीठ घालून उकळलं आणि वाटीत ओतून पुढे ठेवलं. माडगं. आमच्या भागात आजाऱ्याला देतात, बाळंतिणीला देतात आणि घरात काही नसलं की सगळ्यांनाच देतात. मी खिशातून छोटा वजनकाटा काढून उरलेलं पीठ तोलायला लागले. डब्यात किती होतं आणि किती गेलं, त्यावरून हिशेब. हुलग्याच्या शंभर ग्रॅममध्ये बावीसेक ग्रॅम प्रथिनं असतात. आजी बघत राहिली.

"सुकडी अशीच तोलून द्यायचे," ती म्हणाली.

बाहत्तरला ती खडी फोडायला जात होती. १९७३च्या उन्हाळ्यात महाराष्ट्रातल्या दुष्काळी कामांवर सुमारे ५० लाख माणसं होती, त्यातली ती एक. ज्या मंगळवेढ्यात दामाजीपंतांनी कोठारं उघडल्याची कथा सांगतात, तिथे तेव्हा अमेरिकेची लाल मिलो ज्वारी यायची. तिची भाकरी थापताना तुटायची. कामावर दुपारी सुकडी मिळे. ती तिथेच खायची असं मुकादम सांगे, म्हणजे कामाला अंगात बळ राहील. आजी दोन घास खायची आणि उरलेली पदराच्या गाठीत बांधायची. घरी दोन वर्षांचा मुलगा होता.

"मग तुला भूक नाही लागायची?" मी विचारलं.

"लागायची की. न लागून कसं?" ती म्हणाली. मग माझ्या पोटाकडे बोट दाखवून, "त्या सुईनं कायमची मरती का परत येती?"

औषध थांबवलं तर येते, मी सांगितलं. बहुतेकांची वजनासकट परत येते, हेही सांगितलं. तिला त्यात काही वाईट वाटलेलं दिसलं नाही. माझ्या वाटीत निम्मं माडगं उरलं होतं आणि त्यावर साय धरायला लागली होती. तिने वाटी उचलली, बोटाने साय बाजूला केली आणि उभ्या उभ्याच पिऊन टाकलं.